देवस्व, दिवाणी न्यायालय आणि भादाण्याचा ताम्रपट

भिवंडी तालुक्यांतील भादाणें गांवाचें नांव संशोधकांस शिलाहार राजा अपराजित याच्या शके ९१९ (इ. स. ९९७) च्या दानपत्रामुळें परिचित आहे. भेरे येथें सांपडलेला हा ताम्रपट कीलहॉर्न यांनीं ‘एपिग्राफिया इंडिका’च्या तिसऱ्या खंडांत प्रसिद्ध केला. लोनाड येथील लोनादित्य देवाच्या पूजेसाठीं भादाणें गांव दिल्याचें त्यांत नमूद आहे. राजवंशाच्या इतिहासांत या लेखाचें महत्त्व आहेच. प्रस्तुत स्थळीं आम्ही त्याकडे धर्मादायाच्या दृष्टीनें पाहणार आहों.

येथें दान घेणारा देव आहे. देव हिशेब मागत नाहीं आणि तक्रारहि करीत नाहीं. मग व्यवस्था पाहणारा चुकला, तर दाद कोणीं व कोठें मागावी? ताम्रपटांच्या शेवटीं भावी राजांस विनवणी आणि दान हरण करणारास नरकवासाचा शाप असतो, तो याच चिंतेपोटीं. परंतु शास्त्रकार केवळ शापावर विसंबून राहिले नव्हते. राजानें नेमलेले अधिकारी, पूग, श्रेणी आणि कुल अशी न्यायसभांची उतरती परंपरा याज्ञवल्क्यानें सांगितली आहे, आणि एका स्थळीं राहणाऱ्या भिन्न जातींच्या व भिन्न वृत्तींच्या लोकांचा समूह तो पूग, असें विज्ञानेश्वर स्पष्ट करतो. मराठेशाहींत हेंच काम गोतसभा करी व तिचा निवाडा महजरांत उतरे. याच तालुक्यांतील वज्रेश्वरीचें देवालय चिमाजी आप्पांनीं १७३९ च्या वसई-विजयानंतर नवसफेड म्हणून बांधविलें असें सांगतात. अशा स्थानांचे तंटे त्या काळीं गोत व सरकार यांच्याच पुढें येत.

इंग्रजी अमदानींत ही जागा दिवाणी न्यायालयानें घेतली. या संबंधांत १८८७ सालचा डाकोरच्या देवस्थानाचा निवाडा (मनोहर गणेश तांबेकर विरुद्ध लखमीराम गोविंदराम) मननीय आहे. देवापुढें येणारें द्रव्य आमचेंच, असें सेवकांचें म्हणणें होतें. न्या. वेस्ट यांनीं देवतेस विधिदृष्ट्या व्यक्ति मानिलें, आणि देवतेच्या धनाचा हिशेब सेवकांनीं दिला पाहिजे असें ठरविलें. भादाण्याच्या ताम्रपटांत जें गृहीत होतें, तेंच येथें न्यायालयाच्या भाषेंत उतरलें. पुढें १९०८ च्या दिवाणी व्यवहारसंहितेच्या कलम ९२ नें, हितसंबंध असलेल्या दोन किंवा अधिक व्यक्तींस ॲडव्होकेट-जनरलची लेखी संमति घेऊन दावा करण्याची वाट घालून दिली. संमतीचा हेतु उघड होता: वैयक्तिक वैरासाठीं कोणी देवस्थानास न्यायालयांत ओढूं नये.

१९५० च्या मुंबई सार्वजनिक विश्वस्तव्यवस्था अधिनियमानें ही मांडणी पालटली. (आतां हा अधिनियम महाराष्ट्राच्या नांवें ओळखला जातो.) संस्था सार्वजनिक आहे काय, अमुक मिळकत तिची आहे काय, विश्वस्तांत झालेला बदल नोंदवावा काय, हे प्रश्न प्रथम धर्मादाय अधिकाऱ्यांनीं ठरवावयाचे, आणि जे प्रश्न त्यांनीं ठरवावयाचे त्यांत दिवाणी न्यायालयास अधिकार नाहीं, असें कलम ८० सांगतें. कलम ९२ ची जुनी वाटहि या संस्थांपुरती बंद झाली. तिच्या जागीं कलम ५० चा दावा आला, व संमति देण्याचें काम धर्मादाय आयुक्तांकडे गेलें. २००५ सालीं चर्च ऑफ नॉर्थ इंडियाच्या गुजरातेंतील प्रकरणीं सर्वोच्च न्यायालयानें हा प्रतिबंध मान्य केला. वक्फांची वाट तर निराळीच. १९९५ च्या कायद्यानें त्यांचे तंटे न्यायाधिकरणाकडे सोपविले. मशिदी व दर्गे बहुत असलेल्या भिवंडींत हा भेद ध्यानांत ठेवणें अगत्याचें आहे.

म्हणून ‘दिवाणी न्यायालयास आतां कांहींच अधिकार नाहीं’ असें समजणें मात्र चूक होय. कलम ५० चा दावा न्यायालयांतच चालतो. आयुक्तांच्या कित्येक निर्णयांविरुद्ध कलम ७२ खालीं जिल्हा न्यायालयाकडे अर्ज करितां येतो. आणि भाडेकऱ्याशीं होणारा भाड्याचा तंटा देवस्थानाच्या व्यवस्थेचा प्रश्न नव्हे. वाद कोणता आहे हें आधीं ओळखावें, मग द्वार ठोठवावें. द्वार चुकलें म्हणजे वर्षें वायां जातात, आणि तोंवर देवाची जमीन दुसऱ्याच्या वहिवाटींत जाते.

आतां संग्राहकांशीं दोन शब्द. द्वार कोणतेंहि असो, तेथें पुरावा लागतो तो कागदाचा. सनद, महजर, ताळेबंद, पूजेच्या पाळीचा करार यांवरूनच संस्था सार्वजनिक कीं खाजगी, आणि जमीन देवाची कीं पुजाऱ्याची, हें ठरतें. एका संग्रहांत आम्हांस देवस्थानाची एक सनद सुटी पाहावयास मिळाली. अक्षर सुरेख, शिक्का स्पष्ट. परंतु ती कोणत्या रुमालांतून आली हें सांगावयास कोणी उरलें नव्हतें. इतिहासास तिचा थोडा उपयोग होईल. ज्या देवासाठीं ती लिहिली, त्यास मात्र कांहींच नाहीं.

यास्तव आमची विनंति इतकीच: देवस्थानाचा कागद हातीं आला तर त्याचें मूळ स्थान, रुमाल व देणाराचें नांव प्रथम टिपावें, रुमाल फोडूं नये, शक्य तेथें मूळ कागद संस्थेकडे ठेवून आपण नक्कल घ्यावी. देव विधीच्या दृष्टीनें अज्ञान बालकासारखा मानिला जातो. त्याचा कागद आपल्या कपाटांत असेल, तर त्या कागदापुरते आपणहि त्याचे विश्वस्तच आहों.