मुंगीविष व पोनेराटॉक्सिन

मुंगीविष : नांगी असलेल्या मुंग्यांच्या उदरातील विषग्रंथीत तयार होणारा, आणि भक्ष्य निपचित पाडण्यासाठी किंवा वारुळावर चालून आलेल्या शत्रूस परतविण्यासाठी नांगीवाटे टोचला जाणारा द्रव. पेप्टाइडे, अल्कलॉइडे, एंझाइमे, हिस्टामीन असे घटक त्यात जातिपरत्वे निरनिराळ्या प्रमाणात असतात. तंत्रिकांवर क्रिया करणाऱ्या घटकांत सर्वांत प्रसिद्ध असलेले पोनेराटॉक्सिन हे पेप्टाइड मध्य व दक्षिण अमेरिकेच्या पर्जन्यवनांत राहणाऱ्या पॅरापोनेरा क्लॅव्हाटा या मुंगीच्या विषातून वेगळे करण्यात आले. ही मुंगी महाराष्ट्रात नाही. परंतु नाशिक रोडसारख्या ठिकाणी, जेथे रेल्वेवसाहत, जुने वृक्ष, गोदावरी व दारणा यांच्या काठची मळ्यांची जमीन आणि द्राक्षबागा एकमेकांस लागून आहेत, तेथील मुंग्यांच्या दंशाचे स्वरूप नीट कळण्यासही पोनेराटॉक्सिनचा अभ्यास फार उपयोगी पडतो. वेदना, विषारीपणा आणि ॲलर्जी या तीन गोष्टी सामान्य व्यवहारात एकच समजल्या जात असल्या, तरी मुंगीविषाच्या बाबतीत त्यांचे मार्ग वेगळे आहेत, हे त्या अभ्यासाने स्पष्ट केले.

विषयंत्रणा : मुंग्या, मधमाश्या व गांधीलमाश्या यांचा समावेश हायमेनॉप्टेरा या एकाच गणात होतो, आणि या सर्वांची नांगी म्हणजे अंडी घालण्याच्या अवयवाचे रूपांतर होय, म्हणून नांगी फक्त माद्यांना, म्हणजे राणीस व कामकरी मुंग्यांस असते, नरास नसते. मुंग्यांची काही उपकुले उत्क्रांतीच्या ओघात नांगी गमावून बसली आहेत. आपल्या अंगणात सर्रास दिसणारा मोठा काळा मुंगळा (कॅम्पोनोटस कॉम्प्रेसस) आणि कोकणात आंब्याची पाने रेशमी धाग्याने शिवून घरटे करणारी तांबूस ओंबील हे दोन्ही त्यांपैकीच असून, ते जबड्याने कडकडून चावतात व त्या जखमेवर उदराच्या टोकाने फॉर्मिक अम्ल फवारतात. मुंग्यांचे ऊर्ध्वपातन करून हे अम्ल सतराव्या शतकात इंग्रज निसर्गाभ्यासक जॉन रे यांनी मिळविले व पुढे मुंगीच्या लॅटिन नावावरूनच त्याचे नाव रूढ झाले. मुंगीचे विष म्हणजे फॉर्मिक अम्ल, असा जो सार्वत्रिक समज आहे तो येथूनच आला. नांगी मारणाऱ्या मुंग्यांस मात्र तो लागू पडत नाही.

पोनेराटॉक्सिन : पॅरापोनेरा क्लॅव्हाटा या जातीचे प्रथम वर्णन फाब्रिसियस यांनी १७७५ मध्ये केले. सुमारे अडीच सेंटिमीटर लांबीच्या या काळसर मुंगीचा दंश बंदुकीच्या गोळीसारखा लागतो अशी तिची ख्याती असून, वेदना अहोरात्र टिकते म्हणून व्हेनेझुएलात तिला चोवीस तासांची मुंगी म्हणतात. ब्राझीलमधील सातेरे-मावे या जमातीत तरुणांच्या दीक्षाविधीत, अशा मुंग्या विणून बसविलेले पर्णमोजे हातांत घालण्याची वहिवाट आहे. दंशवेदनेची एक ते चार अशी श्रेणी लावणारे अमेरिकी कीटकशास्त्रज्ञ जस्टिन श्मिट यांनी या मुंगीस सर्वोच्च पायरीवर बसविले.

या विषातील प्रमुख पेप्टाइड टी. पीक व त्यांच्या सहकाऱ्यांनी वेगळे करून १९९१ मध्ये त्याचा तपशील प्रसिद्ध केला. ते २५ ॲमिनो अम्लांच्या एकाच शृंखलेचे आहे. त्याचे नाव पोनेरा या प्रजातीवरून घेतलेले असून, लात्रेय यांनी १८०४ मध्ये योजिलेल्या त्या प्रजातिनामाच्या मुळाशी ‘दुष्ट’ या अर्थाचा ग्रीक शब्द आहे. नामकरणाच्या वेळी पॅरापोनेरा ही पोनेरा-उपकुलातच गणली जात असे. २००३ मध्ये तिच्यासाठी स्वतंत्र उपकुल करण्यात आले, तथापि रसायनाचे नाव होते तेच राहिले.

क्रिया : तंत्रिकेतून आवेग जातो तो तिच्या पटलातील सोडियम-मार्ग क्षणभर उघडल्यामुळे, सोडियमाचे आयन आत शिरतात, आणि सहस्रांश सेकंदातच तो मार्ग आपोआप मिटतो. पोनेराटॉक्सिन या मार्गांवर दोन प्रकारे अंमल बसविते : एक तर ते ज्या विद्युत् दाबाला उघडू नयेत त्या दाबाला उघडू लागतात, आणि दुसरे म्हणजे उघडलेले मिटण्यास विलंब लागतो. याचा परिणाम असा की वेदना वाहून नेणाऱ्या तंत्रिका, ऊतकाची म्हणण्यासारखी हानी झालेली नसतानाही, मेंदूकडे एकामागून एक आवेग धाडीत राहतात. त्वचेवर दिसणारी इजा आणि दंश झालेल्या माणसाचा आक्रोश यांत जी विसंगती पाहणाऱ्यास वाटते, तिचे कारण हेच.

हीच यंत्रणा महाराष्ट्रातील वैद्यकास दुसऱ्या एका प्राण्यामुळे पूर्वीच परिचित होती. कोकणातील लाल विंचवाच्या विषातील काही पेप्टाइडेही सोडियम-मार्ग मिटण्यास विलंब लावतात. पण तेथे स्वायत्त तंत्रिकांचा क्षोभ होऊन हृदय व फुप्फुसे धोक्यात येतात. महाड येथे रुग्णसेवा करणारे डॉ. हिंमतराव बावस्कर यांनी अशा रुग्णांच्या नोंदी ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात १९८२ मध्ये प्रसिद्ध केल्या, व प्राझोसिन या औषधाचा त्यावरील उपयोग १९८६ मध्ये त्याच नियतकालिकातून मांडला. विंचवाचे विष शरीरभर पसरून प्राणावर बेतते. मुंगीचे तत्सम पेप्टाइड अत्यल्प मात्रेत व बहुधा दंशस्थानीच काम करते, हा दोहोंतील भेद लक्षात ठेवण्याजोगा आहे.

प्रारंभीच्या प्रयोगांत पोनेराटॉक्सिन कीटकांच्या तंत्रिकांतील संदेशवहन रोखते असे दिसल्यामुळे त्याचा कीटकनाशक म्हणून उपयोग करण्याची कल्पना काही काळ पुढे आली होती. २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात मात्र निरनिराळ्या उपकुलांतील मुंग्यांच्या विषांत याच प्रकारची पेप्टाइडे आढळली, आणि त्यांचा रोख कीटकांपेक्षा पृष्ठवंशी प्राण्यांच्या सोडियम-मार्गांवर अधिक असल्याचे दिसून आले. वारूळ उकरणारे सस्तन प्राणी, पक्षी व सरडे यांना एकदाच असा धडा द्यावयाचा की ते पुन्हा त्या वाटेस जाऊ नयेत, हे या पेप्टाइडांचे प्रयोजन दिसते; शत्रूस ठार करणे मुंगीस आवश्यक नसते. अमेरिकेतील पोगोनोमिर्मेक्स मॅरिकोपा या धान्यवेच्या मुंगीचे विष उंदरांवरील प्रयोगांत ज्ञात कीटकविषांपैकी सर्वांत मारक ठरूनही वेदनेच्या श्रेणीत ती पॅरापोनेराच्या खाली येते, ही गोष्ट या विवेचनास पोषकच आहे.

अल्कलॉइडयुक्त विषे : अग्निमुंगी म्हणून ओळखल्या जाणाऱ्या सोलेनॉप्सिस प्रजातीत विषाचा बहुतेक भाग पेप्टाइडांचा नसून पायपरिडीन वर्गातील, पाण्यात न विरघळणाऱ्या अल्कलॉइडांचा असतो, प्रथिने त्यात अगदी थोडी असतात. या प्रजातीपैकी सोलेनॉप्सिस जेमिनाटा ही जाती मूळची उष्णकटिबंधीय अमेरिकेची असून सोळाव्या शतकापासून स्पॅनिश जहाजांच्या मालाबरोबर ती पूर्वेकडे आली, आणि आज भारताच्या मैदानी मुलखात सर्वत्र स्थिरावली आहे.

महाराष्ट्रातील अभ्यास : भारतीय मुंग्यांच्या शास्त्रीय अभ्यासात मुंबई इलाख्यास मानाचे स्थान आहे. जर्डन यांनी १८५१ मध्ये दक्षिण भारतातील मुंग्यांची सूची मद्रासेत प्रसिद्ध केली होती. परंतु पश्चिम भारतातील मुंग्यांकडे पद्धतशीर लक्ष पुरविले ते इलाख्याच्या वनखात्यातील अधिकारी रॉबर्ट चार्ल्स रॉटन यांनी. सरकारी कामाच्या फिरतीत जमविलेले नमुने ते स्वित्झर्लंडमधील ऑगुस्त फोरेल यांच्याकडे परीक्षणासाठी पाठवीत. रॉटन यांची ‘आपल्या मुंग्या’ या अर्थाच्या शीर्षकाची लेखमाला बाँबे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या नियतकालिकात १८९२ मध्ये आली, फोरेल यांची विस्तृत लेखमालाही त्याच वर्षापासून तेथेच सुरू झाली, आणि बिंगहॅम यांनी १९०३ मध्ये ब्रिटिश भारताच्या प्राणिग्रंथमालेत मुंग्यांचा खंड सिद्ध केला तेव्हा या सामग्रीचा त्यांना मोठा आधार झाला.

नाशिक रोड परिसर : नाशिक रोडसारख्या वस्तीत नांगी मारणाऱ्या ज्या मुंग्यांशी माणसाची गाठ पडते त्यांत पहिली म्हणजे टेट्रापोनेरा रूफोनायग्रा. सुमारे एक सेंटिमीटर लांबीच्या या सडपातळ मुंगीचे डोके व उदर काळे आणि मधला भाग विटकरी लाल असतो. जुन्या झाडांच्या वाळलेल्या फांद्यांतील पोकळीत ती राहते, खोडावरून एकेकटी झपाट्याने चढउतार करते, आणि झाडाला टेकलेल्या माणसाच्या गळपट्ट्यात अडकली की उदर पुढे वळवून तत्काळ नांगी खुपसते. वेदना तीक्ष्ण असते, आणि ॲलर्जी असलेल्या व्यक्तीस या दंशाने तीव्रग्राहिता (सर्व शरीरभर उठणारी धोकादायक ॲलर्जी-प्रतिक्रिया) झाल्याची उदाहरणे दक्षिण व आग्नेय आशियात नोंदली गेली आहेत. पावसाळ्यात संध्याकाळच्या सुमारास पायवाट ओलांडणारी चकचकीत काळ्या मुंग्यांची रांग बहुधा लेप्टोजेनिस प्रोसेशनॅलिस या जातीची असते. तिचा रोख वाळवीवर असतो, पण रांगेत पाय पडल्यास ती डसल्यावाचून राहत नाही. डायाकॅमा प्रजातीच्या मोठ्या करड्या-काळ्या मुंग्या जमिनीतील बिळाच्या तोंडाशी पिसे व काटक्या रचतात. त्यांचा दंश झोंबतो, मात्र लवकर शमतो.

मळ्यांत सर्वाधिक उपद्रव होतो तो वर उल्लेखिलेल्या अग्निमुंगीचा. बांधावर किंवा ठिबकच्या नळीखाली ओलाव्याला तिचे वारूळ असते, आणि ते पायाखाली आले म्हणजे शेकडो कामकरी एकदम घोट्यापर्यंत चढतात. प्रत्येक मुंगी जबड्याने कातडी घट्ट धरते, त्या बिंदूभोवती अंग फिरवीत ओळीने अनेकदा नांगी टोचते, आणि त्यामुळे पुढच्या दिवशी त्या जागी वर्तुळाकार मांडणीत पांढऱ्या टोकाच्या पुटकुळ्या उठतात. या पुटकुळ्यांत जंतू नसतात. त्या अल्कलॉइडामुळे मेलेल्या पेशींच्या असतात, आणि खाजवून फोडल्या तरच चिघळतात. द्राक्षबागेत मुंग्यांचा दुसराही संबंध येतो : वेलीवरील पिठ्या ढेकणातून पाझरणाऱ्या गोड द्रवाच्या लोभाने निरनिराळ्या जातींच्या मुंग्या त्याची राखण करतात व त्याच्या नैसर्गिक शत्रूंना हुसकावतात. म्हणून छाटणीच्या हंगामात ओलांड्याची (वेलीच्या आडव्या फांदीची) सुटलेली साल काढताना आणि बुंध्याशी काम करताना हातांस दंश होण्याचा प्रसंग येतो, व पिठ्या ढेकणाच्या बंदोबस्तात मुंग्यांचा बंदोबस्तही धरला जातो. कीटकनाशक म्हणून वापरल्या जाणाऱ्या सायपरमेथ्रीनसारख्या पायरेथ्रॉइड औषधांची क्रियाही कीटकांच्या सोडियम-मार्गावरच होते. पोनेराटॉक्सिन पृष्ठवंशी प्राण्यांच्या ज्या मार्गावर काम करते त्याचेच ते कीटकांतील रूप होय.

लक्षणे व उपचार : बहुतेक दंशांत आग, लाली, सूज व कंड एवढीच लक्षणे असतात आणि ती काही तासांत किंवा दिवसांत ओसरतात. दंशस्थानी चुना किंवा खाण्याचा सोडा लावण्याचा प्रघात अम्लाचे निराकरण होईल या समजुतीवर आधारलेला आहे. त्वचेवर फवारलेल्या फॉर्मिक अम्लापुरता त्याला काही अर्थ असला, तरी नांगीने त्वचेखाली गेलेल्या पेप्टाइडावर किंवा अल्कलॉइडावर वरून लावलेल्या क्षाराचा परिणाम होत नाही, आणि चुन्याने कातडी मात्र भाजू शकते. जागा साबण-पाण्याने धुणे, गार पाण्याची पट्टी ठेवणे, अंगठी-बांगडी वेळीच काढणे व आवश्यक तर हिस्टामीनरोधक गोळी घेणे हे पुरेसे असते. मुंगीविषावर विंचवाप्रमाणे प्रतिविष उपलब्ध नाही व सामान्यतः त्याची गरजही पडत नाही.

अंगभर गांधी उठणे, ओठ व जीभ सुजणे, घशात आवळल्यासारखे होणे, धाप लागणे, चक्कर किंवा शुद्ध हरपणे ही तीव्रग्राहितेची चिन्हे होत. ती विषाच्या मात्रेवर नव्हे, तर पूर्वीच्या दंशाने संवेदनशील झालेल्या शरीराच्या प्रतिक्रियेवर अवलंबून असल्यामुळे एका मुंगीनेही उद्‌भवू शकतात. मांडीच्या स्नायूत ॲड्रेनॅलीन टोचणे हा त्यावरील मुख्य उपाय असून, रुग्णास विलंब न लावता रुग्णालयात नेले पाहिजे. आखाती देशांत ब्राकिपोनेरा सेनारेन्सिस या मुंगीने अशा प्रतिक्रिया झालेल्या असल्याने, तेथे नोकरीनिमित्त राहणाऱ्यांनीही ही चिन्हे ओळखून ठेवणे इष्ट होय. टास्मानियात मिर्मेशिया पायलोसुला या मुंगीच्या दंशाने मृत्यू घडल्यानंतर तिच्याच विषाच्या क्रमाने वाढत्या मात्रा टोचून सहनशीलता निर्माण करण्याचे उपचार विकसित करण्यात आले, व २००३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या चाचणीत ते परिणामकारक ठरले. एकदा तीव्र प्रतिक्रिया झालेल्या व्यक्तीने शक्य तर दंश करणाऱ्या मुंगीचा नमुना जपून ठेवावा, कारण जातीची निश्चिती झाल्यावाचून अशा उपचाराची योजना करता येत नाही.