डब्यावर लंडन, धुरात लाताकिया

आमचे मामू बोटीवर होते. रत्नागिरीकडच्या मुसलमान घरांत एखादा माणूस बोटीवर असायचाच, त्यामुळे यात विशेष काही नाही. विशेष होता तो त्यांच्या ट्रंकेतला तंबाखूचा गोल, चपटा डबा. झाकणावर इंग्रजीत 'इंग्लिश मिक्श्चर' आणि त्याखाली 'लंडन'. आम्ही बी.एड.ला असताना एका सुट्टीत मामूंनी तो आमच्यासमोर उघडला. मामी उठून मागच्या दारी गेल्या.

पहिला वास आला तो तंबाखूचा नव्हेच. चुलीवरच्या माळ्यावर ठेवलेली सुकी मासळी, नवे चामडे आणि कुठेतरी मागे लोबान. मामूंनी पाइप तीन चिमटींत भरला. पहिली सैल, दुसरी जरा दाबून, तिसरी घट्ट. एक काडी नुसती वरची पाने फुलवायला. ती दाबून घेतल्यावर दुसरी काडी. "ओढायचं नाही, चाखायचं. छातीत न्यायचं नाही," असे बजावून पाइप आमच्या हाती दिला. आयुष्यातले आमचे तेवढेच धूम्रपान. विद्यार्थ्यांना कळू नये! आधी जिभेवर गोडसर चव आली, ती पिवळ्या व्हर्जिनियाची. मग सुक्या मेव्यासारखी आंबूस झाक, ती तुर्की पानांची. आणि दोहोंवर सावकाश पसरणारा धूर, तो काळ्या पानांचा. पुढे घाईने दोन झुरके घेतले तर जीभ भाजली आणि तिन्ही चवी गेल्या.

ती काळी पाने म्हणजे लाताकिया. सीरियाच्या किनाऱ्यावरच्या बंदराचे हे नाव. बंदरामागच्या डोंगरांत पिकणारी तंबाखू आधी वाळवायची आणि मग बंद घरात टांगून खाली ओक, पाइन अशा लाकडांचा धूर द्यायचा. असे कित्येक आठवडे. पान काळे पडते, तिखटपणा जातो, धूर मुरतो. हे कसे सुचले याची एक दंतकथा सांगतात. एका वर्षी पीक फार आले, विकले गेले नाही, म्हणून शेतकऱ्यांनी ते घराच्या आढ्याला टांगून ठेवले आणि हिवाळाभर चुलीचा धूर त्याला लागला. खरेखोटे अल्लाह जाणे. पण माळ्यावर सुकट ठेवणाऱ्या कोकणी माणसाला ती पटायला जड जात नाही. अरबीत या तंबाखूला 'अबू रीहा' म्हणत. अर्थ साधारण 'सुगंधाचा बाप'.

आता आमच्या अज्ञानाची गोष्ट. शाळेत आम्ही उर्दूतून इतिहास शिकवतो. सलाहुद्दीन अय्यूबीने ११८८ मध्ये 'लाज़िकिया' जिंकले, हे फळ्यावर कितीदा लिहिले असेल. लाज़िकिया आणि लाताकिया एकच, हे मात्र नकाशावर बोट ठेवले तेव्हा कळले. युरोपच्या जिभेवरून घरंगळत आलेले नाव आम्ही परके समजून बसलो होतो.

तंबाखू मूळची अमेरिकेची, पण मुसलमानी मुलुखात ती झपाट्याने रुजली. आपल्या दख्खनचाही त्यात वाटा आहे. अकबराचा वकील असद बेग विजापूरला गेला, तिथे त्याला तंबाखू दिसली आणि १६०४-०५ च्या सुमारास ती त्याने बादशहापुढे रत्नजडित नळीसह ठेवली. हकिमाने विरोध केला, अकबराने थोडी चाखून सोडली, पण सरदारांनी सोडली नाही. जहांगीरने १६१७ मध्ये बंदी घातली. उस्मानी सुलतान चौथ्या मुरादने १६३३ मध्ये तर ओढणाऱ्यांना देहदंड दिले. उलमांतही वाद पेटला. दमास्कसचे सूफी विद्वान अब्दुल गनी नाबुलसी यांनी तंबाखू मुबाह आहे असे सांगणारी पुस्तिकाच लिहिली. आज तंबाखूने होणारा कर्करोग सर्वांना ठाऊक आहे. आमच्या शाळेपासून १०० यार्डांत ती विकणे कायद्याने गुन्हा आहे. नाबुलसींपुढे हे ज्ञान नव्हते, एवढे लक्षात ठेवून ते वाचावेत.

मग यात इंग्लिश काय? मिश्रण करण्याची कला, असे आमचे उत्तर आहे, आणि ती कमी लेखू नये. आल्फ्रेड डनहिल यांनी १९०७ मध्ये लंडनच्या ड्यूक स्ट्रीटवर दुकान काढले. तिथे प्रत्येक गिऱ्हाइकाच्या आवडीचे मिश्रण वहीत क्रमांकाने नोंदले जाई. इंग्लंडच्या कायद्याने तंबाखूत साखर-सुगंध घालण्यावर दीर्घकाळ निर्बंध होते. मग चव पानातूनच काढायची, म्हणून लाताकिया हवी. आणि तुर्की पाने हवीत, क्सांथी, द्रामा, कवाला भागातली. मिसरच्या मुहम्मद अलीचा जन्म या कवालातलाच आणि सुरुवातीचा धंदाही तंबाखूचाच. १९२३ च्या लोझान करारानंतर द्रामा-कवालाचे मुसलमान तुर्कस्तानात पाठवले गेले. क्सांथीचे राहू दिले. डब्यावरच्या नावाला या उलथापालथीचा स्पर्शही झाला नाही. हे आम्हाला खटकते. विडीच्या कट्ट्यावरही वळणाऱ्या बाईचे नाव नसते, पण निदान गाव तरी आपले असते.

धुरापायी सीरियाच्या डोंगरांवरची झाडे तुटत गेली, उत्पादन आटले आणि २०११ पासूनच्या युद्धानंतर सीरियन लाताकिया बाजारात जवळजवळ दिसेनाशी झाली. आता येते ती सायप्रसची. तिथे स्मर्ना जातीच्या पानाला जांभळाच्या कुळातल्या सुगंधी झुडपांचा आणि मस्तगीच्या लाकडांचा धूर देतात. होय, हकिमाच्या पुडीतली रूमी मस्तगी, तेच झाड. डब्यातला लोबान कुठून आला, ते आम्हाला इथे उमगले.

लाज़िकियाचा शोध आम्ही मोठ्या उत्साहाने मामूंना सांगितला. ते जरा वेळ गप्प राहिले.

"अरे, त्या बंदराला आमची बोट दोनदा लागली होती. तुझ्या मामीसाठी साबण घेतला होता तिथून."

"आणि तंबाखू?"

"ती लंडनला घेतली," मामू म्हणाले.