कोकणचे शफी, दिल्लीचे जौक

शफी इनामदार आज किती जणांना आठवतात? १९४५ साली दापोली तालुक्यातल्या पांगारीत जन्मलेला हा मराठी मुलुखातला मुसलमान नट. १९८४ मध्ये दूरदर्शनवर ‘ये जो है जिंदगी’ आली आणि त्यांचा रणजीत वर्मा घराघरांत पोहोचला. पुढे गुलजारांच्या ‘मिर्झा गालिब’मध्ये ते बादशहा जफरचे उस्ताद, शायर जौक झाले. पत्नी भक्ती बर्वे म्हणजे मराठी रंगभूमीची ‘फुलराणी’. १३ मार्च १९९६ रोजी, अवघ्या पन्नाशीत, ते गेले.

मी अनसिंगला उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवतो. “मुसलमान असून मराठी इतकं चांगलं कसं?” हा प्रश्न मला अजून ऐकावा लागतो. कोकणच्या मातीतला माणूस दिल्लीचा जौक शोभला. मग आमच्या तोंडी मराठीचं नवल कशाला?