कपडेपटाची पेटी

वाशीच्या विष्णुदास भावे नाट्यगृहात रात्रीचा प्रयोग आटोपून प्रेक्षकवर्ग खाडीपुलाच्या दिशेने किंवा नेरूळ-बेलापूरकडे पांगू लागला, की मागच्या दाराशी कपडेपटाच्या पत्र्याच्या पेट्या येऊन थडकतात. काही वर्षांपूर्वी अशाच एका पेटीच्या उघड्या झाकणातून मी एक राजमुकुट हाती घेऊन पाहिला. पुठ्ठ्यावर सोनेरी कागद, त्यावर काचेचे खडे, आणि आतून कपाळाला टोचू नये म्हणून शिवलेली जुन्या धोतराची पट्टी. घटकाभरापूर्वी रंगमंचावर ज्याच्या तेजाने डोळे दिपले होते तो हाच मुकुट, हे मनाला पटेना. तेव्हापासून माझी अशी धारणा झाली आहे की, नाटकाच्या पोशाखाचा इतिहास हा शिंप्याच्या सुईइतकाच दिव्याच्या वातीचाही इतिहास आहे.

ज्यांचे नाव या वास्तूस दिलेले आहे त्या भाव्यांपासूनच आरंभ करू. सांगलीचे अधिपती चिंतामणराव ऊर्फ आप्पासाहेब पटवर्धन यांनी कर्नाटकातून आलेल्या भागवत मंडळींचे खेळ पाहून तशाच धर्तीचा, परंतु अधिक नेटका खेळ रचण्याची आज्ञा आपल्या पदरच्या विष्णुदासांस केली, आणि त्या आज्ञेचे फळ म्हणून १८४३ साली ‘सीतास्वयंवर’ उभे राहिले, हे सर्वविश्रुत आहे. त्या काळी खेळ चाले तो समया, दिवट्या आणि हिलाल यांच्या हलत्या, धुरकट उजेडात. अशा उजेडात बारीक नक्षी व्यर्थ. तेथे उपयोगी पडे बेगड, भडक रंग आणि लांबूनही ओळखू येणारा आकार. देव, राजा, ऋषी, राक्षस अशा जातीच तेवढ्या पोशाखाने सांगावयाच्या. व्यक्ती सांगण्याची जबाबदारी त्याच्यावर नव्हती. राळेचा भपका उडवून, केस पिंजारून राक्षस आरडत आला, की तो कोणता राक्षस हे सूत्रधाराच्या पदावरून कळे. १८५१ साली आप्पासाहेब निवर्तले, राजाश्रय सुटला, आणि संस्थानाच्या जामदारखान्याची ऊब सरून मंडळीस आपला सरंजाम पेट्यांत भरून मुलूखगिरीला निघावे लागले. १८५३ साली ती मुंबईस पोचली. कपडेपटाची पेटी ही फिरत्या नाटक मंडळीची खरी दौलत ठरली ती तेव्हापासून.

पुढे दिवा बदलला. गॅस आला, किटसनच्या बत्त्या आल्या, शहरांतून वीज आली, आणि स्थिर, पांढऱ्या प्रकाशात बेगडाचे पितळ उघडे पडले. खऱ्या जरीला, खऱ्या शालूला, पदराच्या चुणीला आता अर्थ आला. आणि नेमक्या याच वळणावर बालगंधर्व उभे होते. खाडिलकरांच्या १९११ च्या ‘मानापमान’ नाटकात तर पोशाख हेच कथानक आहे: दागिन्यांनी मढलेला भित्रा लक्ष्मीधर, निर्धन परंतु शूर धैर्यधर, आणि धनाचा गर्व उतरल्यावर वनमालेचा साधा वेष घेऊन त्याच धैर्यधराची मर्जी संपादणारी भामिनी. तो साधा वेषदेखील बालगंधर्व असा काही ल्यायचे की घरंदाज स्त्रिया लुगडे नेसण्याची तऱ्हा त्यांच्यापासून उचलीत. पुरुषाने स्त्रियांस नेसणे शिकवावे यातील विनोद त्या काळी कोणास फारसा जाणवलेला दिसत नाही. त्यांच्या उधळपट्टीचे हिशेब मांडणारे पुढे पुष्कळ निघाले; मला मात्र ‘एकच प्याला’तील फाटक्या लुगड्यात दळण दळणारी त्यांची सिंधू अधिक मोलाची वाटते, कारण मराठी रंगभूमीवर वस्त्राने जात सोडून व्यक्ती सांगितली ती अशा ठिकाणी.

सिनेमाने हे सारे शास्त्र पुन्हा उलटेपालटे केले. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्रा’त (१९१३) तारामती झाले ते अण्णा साळुंके, हे आपण कौतुकाने सांगतो, परंतु त्या काळच्या फिल्मला तांबडा रंग जवळजवळ दिसतच नसे, हे कोणी सांगत नाही. कुंकवासारखा लालभडक शालू पडद्यावर काळा उमटे. रंगभूमीवर शुभ ते पडद्यावर सुतकी! तेव्हा कपडेपटवाल्याने रंगाचा मोह सोडून वस्त्राचा पोत आणि छटा पाहावयास शिकावे, हे ओघानेच आले. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर मूळचे नाटकांचे पडदे रंगविणारे. १९२० च्या ‘सैरंध्री’पासून चित्रकाराचीच नजर घेऊन ते बोलपटपूर्व सिनेमात उतरले.

त्याच कोल्हापुरात १९२९ साली जन्मलेल्या भानुमती राजोपाध्ये, म्हणजे भानू अथैया, चित्रकला शिकून वेशभूषेकडे वळल्या, हा योगायोग मानण्यास मी तयार नाही. ‘गांधी’ (१९८२) चित्रपटासाठी जॉन मोलो यांच्यासह त्यांना ऑस्कर मिळाले. कोणा भारतीयाला मिळालेले ते पहिलेच. त्या चित्रपटात बॅरिस्टरच्या सुटापासून पंच्यापर्यंतचा एका माणसाचा प्रवास कापडात उतरवावयाचा होता, आणि रंगीत फिल्म कोरी खादी ताबडतोब कोरी म्हणून दाखवून देते. नव्या वस्त्रास वापरलेले दिसावयास लावणे ही या धंद्यातील अवघड विद्या: चहाच्या पाण्यात बुडवणे, दगडावर घासणे, कोपर आणि गुडघा जेथे यावयाचा तेथेच झिजवणे. ते ऑस्कर २०१२ मध्ये त्यांनी जपणुकीसाठी अकादमीकडेच परत धाडले.

वाशीच्या त्या पेटीत मुकुटाखाली एक जरीचा शेला होता, मऊ सुती धडप्यात गुंडाळलेला. खाडीच्या दमट हवेत जरी काळी पडते, म्हणून दर प्रयोगानंतर घडी मोडून ती पुन्हा घालावी लागते, असे पेटीवाल्याने सांगितले आणि मुकुट माझ्या हातातून काढून घेतला. टेंपो निघावयाचा होता.