मिरजेचे राजाभाऊ

राजा परांजपे हे नाव निघाले की आपल्याकडे पहिला शब्द येतो तो ‘विनोदी’. त्याला कारण आहे; पण हा शिक्का मला अन्यायाचा वाटतो. या माणसाने पंधरा-सोळा वर्षांत जितक्या वाटा चोखाळल्या, तितक्या त्या काळच्या मराठी दिग्दर्शकांत फार थोड्यांनी चोखाळल्या असतील.

जन्म १९१० सालचा, मिरजेचा. उमेदवारी भालजी पेंढारकरांकडे. १९४८ च्या ‘जिवाचा सखा’पासून ग. दि. माडगूळकर आणि सुधीर फडके यांच्याशी त्यांचे सूत जमले. एक मिरजेचा, एक माडगूळचा, एक कोल्हापूरचा. आम्हा सीमाभागातल्यांना हे तिघेही शेजारचेच वाटतात. १९५० च्या ‘पुढचं पाऊल’मध्ये हंसा वाडकरांबरोबर पु. ल. देशपांडे होते. बेळगावकर पु.लं.ना कॉलेजातले प्राध्यापक म्हणूनही ओळखतात, हे जाता जाता.

१९५२ साली ‘लाखाची गोष्ट’ आली. प्रेयसीचा बाप फटिंग तरुणाला आव्हान देतो : ठरल्या मुदतीत एक लाख रुपये खर्च करून दाखव. मिळवून नव्हे, खर्च करून! महिन्याच्या शेवटी हिशेब जुळवणाऱ्या मध्यमवर्गाला यापेक्षा गंमतीचे स्वप्न कोणते? त्याच वर्षी ‘पेडगावचे शहाणे’ निघाला. इस्पितळातून सुटलेला वेडा आणि बाहेरचे शहाणे, यांत खरा वेडा कोण, असा त्यातला प्रश्न. हसता हसता प्रेक्षक जरा चपापतो. पुढे हाच चित्रपट त्यांनी ‘चाचा चौधरी’ या नावाने हिंदीत केला.

अशी दोन यशे पदरात पडल्यावर कोणीही तिसरा विनोदी चित्रपट काढला असता. राजाभाऊंनी १९५४ साली काढला ‘ऊन पाऊस’. निवृत्त शाळामास्तर, त्याची बायको आणि म्हातारपणी आईबापांची वाटणी करणारी मुले. आई एकाकडे, बाप दुसऱ्याकडे. मास्तर स्वतः राजाभाऊ, पत्नी सुमती गुप्ते. आमच्या पिढीने हा चित्रपट दूरचित्रवाणीवर पाहिला. मी पेशाने शिक्षक, त्यामुळे माझे मत निर्मळ नाही; तरीही त्यांचे सर्वांत मोठे काम मला हेच वाटते. मास्तर ओरडत नाही, मुलांना शाप देत नाही. अपमान गिळताना त्याचा चेहरा तेवढा उतरतो, आणि काही वेळापूर्वी हाच माणूस आपल्याला हसवत होता हे आठवून पाहणारा अवघडतो. आईबापांचे हाल दाखवणारे चित्रपट पुढे पुष्कळ आले, पण त्यांत रडण्याची व्यवस्था आधीच केलेली असते.

कन्नड जाणणाऱ्या वाचकांना येथे बी. आर. पंतलु यांचा १९५८ चा ‘स्कूल मास्टर’ आठवेल. तोही मास्तर, तीच निवृत्ती, म्हातारा-म्हातारीची तीच ताटातूट. आमच्याकडे एकाच घरात आजीने एक आणि सुनेने दुसरा पाहिलेला असतो, आणि दोघींचे डोळे सारखेच ओले झालेले असतात.

१९५९ च्या ‘सांगत्ये ऐका’नंतर तमाशापटांची लाट आली. राजाभाऊ १९६० साली ‘जगाच्या पाठीवर’मध्ये फाटका, बेघर माणूस होऊन आंधळ्या मुलीशेजारी उभे राहिले. ती सीमा. चार्ली चॅप्लिनची सावली त्यावर आहे, ती नाकारण्याचे कारण नाही. गाणी मात्र अस्सल इथल्या मातीची. १९६३ च्या ‘हा माझा मार्ग एकला’त ते दारुड्या झाले, आणि सचिन नावाचे एक लहान पोर त्यातून प्रथमच पडद्यावर आले.

मग रहस्यपट! जयंत देवकुळे यांच्या ‘आशा परत येते’ या कादंबरीवरून १९६४ साली त्यांनी ‘पाठलाग’ केला. भावना आणि काशिनाथ घाणेकर त्यात होते. विनोदी म्हणवणाऱ्या दिग्दर्शकाने प्रेक्षकाला शेवटपर्यंत खुर्चीला खिळवले. दोनच वर्षांनी राज खोसलांनी त्याचा हिंदीत ‘मेरा साया’ केला आणि तो देशभर गाजला.

राजाभाऊ १९७९ च्या फेब्रुवारीत गेले. त्यांच्या हाताखाली पहिले काम केलेला तो पोरगा पुढे स्वतः दिग्दर्शक झाला, आणि १९८८ साली त्याने ‘अशी ही बनवाबनवी’ काढली.