श्रेय बंदीला नको

फिल्म सोसायटीचा खेळ सुटून मंडळी टपरीवर जमली, की इराणी दिग्दर्शक जाफर पनाहींबद्दल एक वाक्य हमखास कानावर येतं: बंदी आली नसती तर हा माणूस इतका मोठा झालाच नसता. पाठोपाठ टाकीचे घाव आणि देवपणही येतंच.

पूर्वपक्ष नीट मांडू. डिसेंबर २०१० मध्ये इराणी न्यायालयाने पनाहींना ६ वर्षांची कैद आणि चित्रपट करण्यावर २० वर्षांची बंदी सुनावली. पुढे कधी स्वतःच्या फ्लॅटमध्ये, कधी टॅक्सीत लपूनछपून चित्रण करताना ते स्वतःच पात्र झाले आणि खरं कुठे संपतं, रचलेलं कुठे सुरू होतं, ते कळेनासं झालं. २०१५ मध्ये ‘टॅक्सी’ला बर्लिनचं सुवर्ण अस्वल मिळालं. तेव्हा शैली बंदीच्या पोटची, आणि बक्षिसं थोडीफार सहानुभूतीची.

बक्षिसांचं आधी उरकू. ‘द व्हाइट बलून’ला कानचा कॅमेरा दोर मिळाला १९९५ मध्ये, तो चित्रपट खुद्द इराणनेच ऑस्करसाठी पाठवला होता. (नंतर परत मागितला, ती गोष्ट वेगळी.) ‘द सर्कल’ला व्हेनिसचा सुवर्ण सिंह मिळाला २००० मध्ये. त्यावर इराणमध्ये बंदी होती हे खरं, पण दिग्दर्शक तेव्हा मोकळाच होता.

शैलीचा मुद्दा मोठा. त्यासाठी १९९७ चा ‘द मिरर’ बघावा. आई न्यायला आली नाही म्हणून हात प्लास्टरमध्ये असलेली एक शाळकरी मुलगी तेहरानच्या रहदारीतून एकटी घरी निघते. चित्रपट मध्यावर येतो आणि बसमध्ये बसलेली ती पोर एकाएकी भडकते, मला काम करायचं नाही म्हणते, खोटं प्लास्टर ओढून काढते आणि उतरून चालू लागते. हे ठरवलेलं होतं की खरंच घडलं, हा वाद बाजूला ठेवू. पनाही तिथे स्वतः पडद्यावर दिसतात, गोंधळलेले. मुलीच्या अंगावरचा माइक मात्र चालूच राहतो. कॅमेरा तिच्या मागे धावतो, गाड्यांच्या गर्दीत ती दिसेनाशी होते, पण तिचा आवाज आपल्याला ऐकू येत राहतो. ज्या गुणांचं श्रेय २०१० च्या निकालाला दिलं जातं, ते सगळे इथे १३ वर्षं आधी हजर आहेत. त्यांचं मूळही शोधायचंच असेल तर ते न्यायालयात नाही, पनाही ज्यांचे सहायक होते त्या किआरोस्तामींच्या ‘क्लोज-अप’मध्ये सापडेल.

साक्षीदार स्वतः पनाहीच आहेत. ‘धिस इज नॉट अ फिल्म’मध्ये, बंदीतल्या पहिल्याच कामात, ते घरातल्या टीव्हीवर हाच प्रसंग लावतात आणि आता आपणही ते प्लास्टर काढून फेकायला हवं, असं म्हणतात. मग गालिच्यावर चिकटपट्टी लावून न झालेल्या चित्रपटातल्या मुलीची खोली आखतात: इथे दार, इथे खिडकी. पटकथा वाचू लागतात आणि मध्येच थांबतात. सांगून भागत असेल तर चित्रपट करायचा कशाला, हा त्यांचा प्रश्न. बंदीने काय दिलं असं विचारणाऱ्यांनी ती चिकटपट्टी बघावी. टाकीचे घाव घालणाऱ्याच्या डोळ्यांपुढे मूर्ती असते. इथे आलेला माणूस मूर्ती फोडायला आला होता.

मग पनाहींचं खास काय? माझ्या मते, मुख्य घटना चौकटीबाहेर ठेवून ती ऐकवणं. ‘ऑफसाइड’ २००६ चा. चित्रण बरंचसं जून २००५ च्या इराण-बहारीन सामन्याच्या वेळचं. मुलांच्या वेशात अझादी स्टेडियममध्ये घुसलेल्या मुली पकडल्या जातात आणि प्रेक्षागृहामागच्या कठड्यात डांबल्या जातात. पलीकडे हजारोंचा गलका. सामना आपल्यालाही जवळजवळ दिसत नाही. पहाऱ्यावरचा एक शिपाई फटीतून बघून मुलींना धावतं वर्णन ऐकवतो, तेही अडखळत. एवढी गर्दी, एवढा मोकळा आवाज पुढे कित्येक वर्षं त्यांच्या वाट्याला आला नाही. फ्लॅट आणि टॅक्सी यांची किंमत ही अशी मोजावी लागते.

२०२५ मध्ये कानचा सर्वोच्च मान मिळवणाऱ्या ‘इट वॉज जस्ट अ‍ॅन अ‍ॅक्सिडेंट’मध्ये वाहिद नावाचा मेकॅनिक आपल्या छळकर्त्याला ओळखतो, तो चेहऱ्यावरून नव्हे. तुरुंगात डोळ्यांवर पट्टी होती. कृत्रिम पायाच्या करकरीवरून ओळखतो. शेवट इथे फोडत नाही. एवढंच सांगतो, तोही पनाहींनी कानांवरच सोपवला आहे.