राइट क्लिकच्या मेन्यूतील उपरे पाहुणे

एखाद्या फाईलवर माऊसचे उजवे बटण दाबावे आणि मेन्यू उघडण्याऐवजी नुसतेच चक्र फिरत राहावे, किंवा डेस्कटॉपवरील सारी चिन्हे क्षणभर नाहीशी होऊन पुन्हा प्रकट व्हावीत, हा अनुभव विंडोज वापरणाऱ्या बहुतेकांनी कधी ना कधी घेतलेला असतो. दोष व्हायरसच्या माथी मारला जातो. दुरुस्तीवाला हार्ड डिस्क पुसून विंडोज नव्याने टाकण्याचा सल्ला देतो आणि वर्षानुवर्षांचे फोटो व कागदपत्रे पणाला लागतात. प्रत्यक्षात अनेकदा दोषी असते ती दुसऱ्याच कुठल्या तरी सॉफ्टवेअरने मेन्यूत आणून बसवलेली एक लहानशी फाईल. तिला ‘शेल एक्स्टेन्शन’ म्हणतात.

विंडोजचा डेस्कटॉप, टास्कबार आणि फोल्डरच्या खिडक्या ‘एक्सप्लोरर’ हा एकच प्रोग्राम सांभाळतो. ऑगस्ट १९९५ मध्ये विंडोज ९५ बाजारात आली, तेव्हा या प्रोग्रामच्या मेन्यूत इतर कंपन्यांनाही आपली कलमे घालता येतील अशी सोय मायक्रोसॉफ्टने करून ठेवली. फाईलवर राइट क्लिक करताच विनझिप, विनरार किंवा सेव्हन-झिपची कलमे दिसतात, अँटिव्हायरस ‘ही फाईल तपासा’ असे सुचवतो, ती याच सोयीमुळे.

ही कलमे दोन प्रकारची असतात. साध्या प्रकारात रजिस्ट्रीमध्ये, म्हणजे विंडोजच्या नोंदवहीत, कलमाचे नाव आणि चालवायची आज्ञा एवढेच लिहिलेले असते. त्यापासून सहसा उपद्रव नसतो. दुसऱ्या प्रकारात मात्र एक डीएलएल फाईल, अर्थात ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’, कामाला लागते. अशी लायब्ररी स्वतंत्रपणे चालत नाही; तिला दुसऱ्या प्रोग्रामचा आसरा लागतो. तिची ओळख १२८ बिटांच्या एका क्रमांकाने रजिस्ट्रीत नोंदवलेली असते. आपण राइट क्लिक केले की एक्सप्लोरर ही नोंद पाहतो, लायब्ररी स्वतःच्या स्मृतीत उतरवून घेतो, कोणत्या फाईल्स निवडल्या आहेत ते तिला सांगतो आणि ‘तुझी कलमे घाल’ अशी विनंती करतो. आपण तिचे कलम निवडले, तर ते काम पार पाडण्यासाठी पुन्हा तिलाच बोलावले जाते.

सारी मेख ‘स्वतःच्या स्मृतीत’ या दोन शब्दांत आहे. पाहुण्याला ओसरीवर न बसवता थेट माजघरात घेण्याचाच हा प्रकार. लायब्ररीतील चुकीने ती कोसळली, तर यजमान एक्सप्लोररही कोसळतो. चिन्हे आणि टास्कबार गायब होऊन परत येतात ते याचमुळे. एखादी लायब्ररी उत्तर देण्याआधी नेटवर्कवरील बंद पडलेल्या संगणकाची वाट पाहत बसली, तर सारा मेन्यूच खोळंबतो. सर्वांनी आपापली कलमे दिल्याशिवाय तो पडद्यावर येत नाही.

त्याहून कमी ठाऊक असलेली बाब म्हणजे हे पाहुणे एक्सप्लोररपुरतेच थांबत नाहीत. लेखनाच्या किंवा चित्रांच्या प्रोग्राममध्ये ‘ओपन’ अथवा ‘सेव्ह’ची चौकट उघडली, की तिच्या आतही विंडोजची तीच यंत्रणा वावरते आणि तिच्यासोबत ही लायब्ररीही त्या प्रोग्राममध्ये शिरू शकते. फाईल सेव्ह करतानाच प्रोग्राम बंद पडत असेल, तर त्याच्या निर्मात्याला बोल लावण्यापूर्वी हा संशय घ्यायला हरकत नाही. ६४ बिटांच्या प्रोग्राममध्ये ३२ बिटांची लायब्ररी उतरू शकत नाही, म्हणून अनेक कंपन्या दोन्ही प्रकारच्या फाईल्स देतात. परिणामी एका खिडकीत दिसणारे कलम दुसरीकडे दिसत नाही, असेही घडते.

शोध घेणे फारसे अवघड नाही. नीरसॉफ्टचे ‘शेलएक्सव्ह्यू’ हे मोफत साधन अशा सर्व लायब्रऱ्यांची यादी दाखवते आणि मायक्रोसॉफ्टबाहेरच्या नोंदी गुलाबी रंगात वेगळ्या करते. मायक्रोसॉफ्टने २००६ मध्ये विकत घेतलेल्या सिसइंटर्नल्सचे ‘ऑटोरन्स’ही हे काम करते. प्रथम बाहेरच्या नोंदींपैकी निम्म्या बंद कराव्यात, टास्क मॅनेजरमधून एक्सप्लोरर पुन्हा सुरू करावा आणि त्रास थांबतो का ते पाहावे. थांबला तर दोषी त्या निम्म्यांत, नाही तर उरलेल्यांत. अशा रीतीने वर्तुळ लहान करत गेले, की चाळीस नोंदींतील एक अपराधी पाच-सहा फेऱ्यांत सापडतो. नोंद बंद करावी, फाईल हाताने पुसू नये. एक्सप्लोररने ती धरून ठेवलेली असली तर पुसताही येत नाही. सॉफ्टवेअर काढताना संगणक पुन्हा सुरू करण्याचा आग्रह अनेकदा याच कारणाने धरला जातो.

मायक्रोसॉफ्टलाही ही मोकळीक महाग पडली. २०२१ मध्ये आलेल्या विंडोज ११ मध्ये मेन्यू आटोपशीर करण्यात आला आणि त्यात जागा हवी असणाऱ्या सॉफ्टवेअरला नव्या पद्धतीने स्वतःची ओळख नोंदवणे बंधनकारक झाले. जुन्या लायब्रऱ्या हद्दपार मात्र झालेल्या नाहीत. ‘शो मोअर ऑप्शन्स’ निवडले किंवा शिफ्ट आणि एफ१० या कळा एकत्र दाबल्या, की जुना मेन्यू त्याच्या सगळ्या पाहुण्यांसह समोर येतो.